ज्युबिली आणि घरपरतीचा हक्क
बीड जिल्ह्यातील फिरत्या श्रमिकांचा वृत्तान्त

ज्युबिली हा शब्द आपल्या मंडळीत आता इतका रुळला आहे की त्याचा मूळ अर्थ काय, हे विचारण्याचे सहसा कोणाच्या मनात येत नाही. मंडप, पताका, मोठी मिस्सा, पाहुण्यांचा सत्कार आणि सहभोजन एवढे झाले म्हणजे ज्युबिली झाली, असा आपला सर्वसाधारण समज असतो. या सोहळ्याविषयी आमच्या मनात यत्किंचितही अनादर नाही. देवाने दिलेल्या वर्षांबद्दल त्याचे आभार मानणे हे भाविकांचे कर्तव्यच होय. तथापि हा शब्द ज्या हिब्रू ‘योबेल’ शब्दापासून निघाला, त्याचा अर्थ मेंढ्याचे शिंग असा आहे. आणि ते शिंग फुंकून जी द्वाही फिरवली जाई, ती घरी परतण्याची द्वाही होती. लेवीय पुस्तकाच्या पंचविसाव्या अध्यायात हा कायदा सांगितला आहे. सात वर्षांची सात आवर्तने झाली, म्हणजे पन्नासाव्या वर्षी प्रायश्चित्ताच्या दिवशी शिंग वाजवावे. दारिद्र्यामुळे ज्याने आपली वडिलोपार्जित जमीन विकली असेल त्याची जमीन त्यास परत मिळावी. जो दुसऱ्याच्या घरी चाकरीत अडकला असेल त्याने मोकळे होऊन आपल्या कुळात परत जावे. असे तेथे सांगितले आहे. जमिनीचा खरा धनी परमेश्वर असून मनुष्य तिच्यावर केवळ पाहुणा आहे, हे त्या कायद्याचे तत्त्व.

रोम येथे पोप आठवे बोनिफास यांनी इ. स. १३०० मध्ये पहिले ख्रिस्ती ज्युबिली वर्ष जाहीर केले, आणि तेव्हापासून पापक्षमेच्या व तीर्थयात्रेच्या रूपाने ही परंपरा चालत आली आहे. परंतु मोशेच्या नियमशास्त्रातील पहिली ज्युबिली ही परतणाऱ्या मनुष्याची ज्युबिली होती. म्हणूनच या स्मरणिकेत देवळाच्या भिंती व घंटा यांच्या इतिहासासोबत आमच्या जिल्ह्यातील त्या लोकांचाही इतिहास यावा असे आम्हास वाटते, की ज्यांना दरवर्षी घर सोडावे लागते आणि दरवर्षी घरी परत यावे लागते. परत आलेल्या मनुष्यास आपल्याच गावात आपला ठाव शोधावा लागतो काय, हा या लेखाचा विषय होय.

मोंगलाईची सीमा

बीड जिल्ह्याचा नकाशा डोळ्यांसमोर आणला, तर उत्तरेस गोदावरी वाहताना दिसते आणि मध्यभागी बालाघाटाच्या डोंगरांची रांग पूर्वपश्चिम पसरलेली दिसते. गोदाकाठची गेवराई व माजलगाव या तालुक्यांतील काळी जमीन सुपीक आहे. उलटपक्षी आष्टी, पाटोदा, शिरूर कासार, धारूर, वडवणी या बाजूंची माळरानाची जमीन हलकी व पाऊस बेभरवशाचा. मृगाचा पाऊस पडला तर बाजरी, तूर, मूग यांची आशा. न पडला तर काहीच नाही. अशा मुलखातील मनुष्यास घराबाहेर पाऊल टाकण्याचा प्रसंग पिढ्यान्‌पिढ्या येत आला यात नवल नाही. इ. स. १८७६ ते १८७८ या काळच्या मोठ्या दुष्काळाने सारे दख्खन होरपळले. त्यानंतर १८९६ व १८९९ साली पुन्हा तसाच घाला पडला. अशा प्रत्येक दुष्काळात माणसे जेथे अन्न आणि काम मिळेल तेथे गेली, व पावसाची वार्ता येताच वाचलेली माणसे परत आली.

येथे आजच्या तरुण वाचकांस एक गोष्ट मुद्दाम सांगितली पाहिजे. १९४८ सालापर्यंत बीड जिल्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता, आणि शेजारचा अहमदनगर जिल्हा (आजचे अहिल्यानगर) इंग्रजी मुलखात होता. आष्टीहून नगरकडे जाणे म्हणजे आज आपण समजतो तसे शेजारच्या जिल्ह्यात जाणे नव्हते. ते एक राज्य सोडून दुसऱ्या राज्यात जाणे होते. निजामाचे नाणे हाली सिक्का या नावाने वेगळे चाले, टपाल वेगळे होते, सरहद्दीवर करोडगिरीचे म्हणजे जकातीचे नाके असत, आणि दरबारची व कचेरीची भाषा उर्दू होती. इंग्रजी मुलखातील लोक निजामाच्या मुलखास ‘मोंगलाई’ म्हणत. भाषा मराठी, सणवार तेच, ओवी तीच. पण सीमेपलीकडे कामास गेलेला मनुष्य ‘मोंगलाईतला’ म्हणून ओळखला जाई. म्हणजे आपल्याच भाषेच्या लोकांत तो परका ठरे, व मागे गावी आला तर ‘बाहेरून आलेला’ ठरे. १७ सप्टेंबर १९४८ रोजी हैदराबादचा लढा संपला. १९५६ साली मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले. करोडगिरीचे नाके उठले. परंतु नाके उठले म्हणून परकेपण उठलेच असे मात्र नाही, हे पुढील वृत्तान्तावरून दिसून येईल.

कोयता, उचल आणि मुकादम

त्याच सुमारास सीमेपलीकडील मुलखाचे रूप पालटत होते. प्रवरेवर भंडारदऱ्याचे धरण १९२६ साली पुरे झाले, नीरेचे कालवे वाढले, व कालव्यांच्या पाण्यावर ऊस उभा राहिला. १९३२ साली परदेशी साखरेवर संरक्षक जकात बसविण्यात आली, तेव्हा देशी कारखान्यांस जोर आला. माळीनगर व वालचंदनगर येथील कारखाने त्याच काळातले होत. पुढे विठ्ठलराव विखे पाटील यांनी अर्थशास्त्रज्ञ धनंजयराव गाडगीळ यांच्या साहाय्याने प्रवरानगर येथे शेतकऱ्यांचा सहकारी साखर कारखाना काढला व १९५० साली तेथे गळीत सुरू झाले. त्याचे अनुकरण कृष्णा, पंचगंगा, नीरा, भीमा या नद्यांच्या खोऱ्यांत झपाट्याने झाले. ऊस लावणारा बागायतदार गावोगाव तयार झाला. पण तो तोडणार कोण? उसाचे काम चार-सहा महिन्यांचे, अत्यंत कष्टाचे, आणि ते ठरलेल्या दिवशी झालेच पाहिजे असे. कारण तोडलेला ऊस पडून राहिला तर त्यातील साखर उतरते. या कामासाठी जो श्रमिकवर्ग हवा होता तो बालाघाटाच्या कोरड्या माळावर तयारच होता.

१९७२ सालच्या दुष्काळाने या प्रवाहास पूर आणला. त्या वेळी राज्यात दुष्काळी कामांवर १९७३ च्या उन्हाळ्यात सुमारे ५० लक्ष माणसे खडी फोडीत होती व तलाव खणीत होती. रोजगार हमीची कल्पना, जिचा कायदा १९७७ साली झाला, त्या कामांतूनच बळावली. दुष्काळ सरला, पण ज्यांची जनावरे मेली व कर्जे वाढली त्यांच्यासाठी कारखान्याची वाट कायमची झाली. तेव्हापासून बीड जिल्ह्याची ओळख ऊसतोडणी कामगारांचा जिल्हा अशी पडली आहे. या जिल्ह्यातही पुढे साखर कारखाने निघाले. तथापि बाहेर जाणाऱ्यांचा ओघ त्यामुळे थांबला नाही, आणि आज तो पश्चिम महाराष्ट्राबरोबरच कर्नाटकातही जातो.

या व्यवहाराची रीत आमच्या बहुतेक वाचकांस ठाऊक आहे. तरी पुढील पिढीसाठी ती नमूद करून ठेवतो. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ मोजला जातो. म्हणजे हिशेबाच्या वहीत दोन माणसे नसतात, एक हत्यार असते. एकटा मनुष्य गेला तर तो अर्धा कोयता. पावसाळ्यातच मुकादम गावात येतो व कोयत्यास आगाऊ रक्कम देतो. तिला ‘उचल’ म्हणतात. लग्न, आजारपण, बी-बियाणे, मुलीचे बाळंतपण ही सर्व त्या उचलीतून भागतात. मग ती रक्कम फिटेपर्यंत तोडणी करावयाची. दसरा झाला की टोळ्या निघतात. ज्यांची बैलजोडी व टायरगाडी आहे ते ‘गाडी सेंटर’ला जातात, ज्यांचेजवळ बैल नाहीत ते डोक्यावर मोळ्या वाहून मालमोटारी भरतात, त्यास ‘डोकी सेंटर’ म्हणतात. कारखान्याच्या आसऱ्याने पाचटाच्या व ताडपत्रीच्या कोप्या उभ्या राहतात. पहाटेच्या अंधारात फडात उतरावयाचे, बाईने सोलून-तोडून मोळी बांधावयाची, पुरुषाने तोडावयाचे व वाहावयाचे. संध्याकाळी तिने पुन्हा चूल पेटवावयाची. जानेवारी २०२४ मध्ये झालेल्या तडजोडीत तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ झाली व टनास सुमारे ३६६ रुपये हा दर ठरला. एका कोयत्याने दिवसात दोन टन ऊस तोडला, तर दोन माणसांच्या पहाटेपासून रात्रीपर्यंतच्या श्रमाचे मोल ७३२ रुपये होते, हे वाचकांनी स्वतःच हिशेब करून पाहावे.

पोप तेरावे लिओ यांनी १५ मे १८९१ रोजी प्रसिद्ध केलेल्या ‘रेरुम नोव्हारुम’ या परिपत्रकात कामगाराच्या मजुरीविषयी जो विचार सांगितला, तो येथे आठवल्यावाचून राहत नाही. मजुरी ही केवळ दोघांच्या कबुलीने न्याय्य ठरत नाही; काटकसरी व सदाचारी कामगाराचा निर्वाह तीत झाला पाहिजे, अशी त्या शिकवणुकीची दिशा होती. उचल घेऊन वर्ष अगोदरच विकून बसलेल्या मनुष्याची कबुली कितपत मोकळी असते, याचा विचार ख्रिस्ती बागायतदाराने, ख्रिस्ती मुकादमाने व ख्रिस्ती ग्राहकाने करावयास हवा.

पट्टा पडल्यावर

कारखान्याचे गळीत संपले, ‘पट्टा पडला’, म्हणजे टोळ्या परत फिरतात. गुढीपाडव्यापासून अक्षय्यतृतीयेपर्यंत जिल्ह्याच्या रस्त्यांवर संसार लादलेल्या गाड्यांची रीघ लागते. त्यानंतर गावांत जत्रा भरतात, लग्ने उरकतात, सहा महिने बंद असलेल्या घरांची कुलुपे उघडतात. बाहेरून पाहणाऱ्यास हे दृश्य आनंदाचे वाटते, आणि ते आनंदाचे आहेही. पण त्या आनंदाच्या पोटात जे शल्य असते तेही सांगितले पाहिजे.

पहिली गोष्ट मुलांची. जे मूल आईबापांबरोबर फडावर गेले त्याची शाळा बुडाली. जे आजी-आजोबांपाशी राहिले त्याची आई सहा महिने दुरावली. परत आलेल्या मुलास वर्गात आपली जागा पुन्हा शोधावी लागते, व मागे राहिलेल्या मुलास आईची ओळख पुन्हा करून घ्यावी लागते. साखरशाळा, हंगामी वसतिगृहे असे उपाय झाले. २०२१ साली शासनाने संत भगवानबाबा यांच्या नावे ४१ तालुक्यांत ८२ वसतिगृहांची योजना मंजूर केली. उपाय योग्य आहेत. ते किती मुलांच्या अंगी लागले, हे प्रत्येक गावाने आपल्या शाळेच्या हजेरीपटावरून पाहावे.

दुसरी गोष्ट गावाच्या कारभाराची. २६ जानेवारीची ग्रामसभा भरते तेव्हा ही मंडळी फडात असतात. कोणाचे घरकुल, कोठे विहीर, कोणत्या वस्तीस रस्ता, हे ठरविणाऱ्या सभेत त्यांचा हात वर होत नाही. २०२४ साली विधानसभेचे मतदान २० नोव्हेंबरला झाले आणि गळीत हंगाम १५ नोव्हेंबरपासून सुरू झाला होता. मताचा हक्क बजावावयाचा तर उचल घेतलेल्या मजुराने दूरच्या फडावरून परत यावे, असा तो पेच होता. गावात घर आहे, यादीत नाव आहे, परंतु निर्णयाच्या दिवशी मनुष्य नाही. अशा मनुष्यास गाव हळूहळू गृहीत धरू लागते, आणि मग तोही गावाविषयी उदास होतो.

तिसरी गोष्ट स्त्रियांच्या शरीराची आहे व ती लिहिताना लेखणी जड होते. बीड जिल्ह्यातील ऊसतोडणी करणाऱ्या स्त्रियांमध्ये गर्भाशय काढून टाकण्याच्या शस्त्रक्रिया फार होत असल्याचा बोभाटा झाल्यावर २०१९ साली शासनाने समिती नेमली. पाहणी केलेल्या ८२,३०९ स्त्रियांपैकी १३,८६१ स्त्रियांची अशी शस्त्रक्रिया झालेली आढळली. म्हणजे दर सहा स्त्रियांत एक. खाडा झाला तर दंड बसतो, फडावर आडोसा नाही, पाणी नाही, आणि दुखणे अंगावर काढावयाचे. या सर्वांचा हा परिणाम. जी स्त्री अशा रीतीने आपले आरोग्य गमावून घरी येते, तिला ‘घरी आली’ असे म्हणून गावाने स्वस्थ बसावे काय?

१९७२ नव्हे, २०२०

परतणाऱ्यांच्या ठावाची खरी कसोटी आमच्या पिढीने प्रत्यक्ष पाहिली. मार्च २०२० च्या अखेरीस करोनाच्या साथीमुळे देशभर टाळेबंदी झाली. कारखाने चालू राहिले, पण हंगाम संपताच मजुरांची घराकडची वाट बंद होती. सुमारे १ लक्ष ३१ हजार मजूर ३८ कारखान्यांच्या आवारांत तात्पुरत्या निवाऱ्यांत अडकून पडले होते. शेवटी १७ एप्रिल २०२० रोजी शासनाने आज्ञा काढून, वैद्यकीय तपासणी करून व गावनिहाय याद्या करून, त्यांस घरी जाण्याची परवानगी दिली.

आणि मग जे घडले ते विचार करण्यासारखे आहे. ज्या वेशीतून दसऱ्यानंतर हीच माणसे वाजतगाजत बाहेर पडली होती, त्याच वेशीवर त्यांस थांबविण्यात आले. कोणास शाळेच्या इमारतीत ठेवले, कोणास गावाबाहेर रानात राहण्यास सांगितले. साथीचे भय खरे होते व विलगीकरण आवश्यक होते, हे आम्ही नाकारीत नाही. परंतु विलगीकरण दोन रीतींनी करता येते. ‘तुम्ही आमचेच आहात, म्हणून चौदा दिवस दम धरा, भाकरी आम्ही पोहोचवितो’ ही एक रीत. आणि ‘तुम्ही बाहेरचे, रोग घेऊन आलात’ ही दुसरी. आमच्या जिल्ह्याने दोन्ही रीती पाहिल्या. ज्या गावांत तरुणांनी रानातील कोपीपर्यंत पाणी व धान्य नेऊन दिले, त्या गावांत परतलेल्यांस आपण घरी आलो असे वाटले. जेथे नुसता काट्याचा फास आडवा टाकला गेला, तेथे साथ सरल्यावरही मनातला काटा राहिला.

नाशिकहून मोंबासास गेलेले

हा प्रश्न केवळ आमच्या जिल्ह्याचा नाही, हे समजण्यासाठी महाराष्ट्राच्याच इतिहासातील एक विस्मृत प्रकरण येथे थोडक्यात देतो. गेल्या शतकापूर्वीच्या शतकात इंग्रजी आरमार अरबी समुद्रात गुलामांची गलबते पकडी, व त्यांतील आफ्रिकन मुले सोडवून मुंबईस आणी. त्यांपैकी अनेकांस नाशिकजवळ शरणपूर येथे चर्च मिशनरी सोसायटी या प्रॉटेस्टंट संस्थेने १८५४ च्या सुमारास वसविलेल्या ख्रिस्ती वसाहतीत ठेविले गेले. तेथे ती वाढली, शिकली, सुतारकी-लोहारकी शिकली. पुढे डेव्हिड लिव्हिंग्स्टन या प्रवाशाच्या साहाय्यार्थ यांतील काही तरुण आफ्रिकेत गेले. १ मे १८७३ रोजी लिव्हिंग्स्टन मरण पावला, तेव्हा जेकब वेनराइट हा नाशिकचा विद्यार्थी तेथे होता. त्या सेवकांनी धन्याचे शव शेकडो कोस वाहून समुद्रकिनाऱ्यावर बागामोयो येथे आणले. तेथील कॅथलिक मिशनात, पवित्र आत्म्याच्या संघाच्या फादरांनी, ते एक रात्र आदराने ठेवून घेतले, ही गोष्ट आपल्या वाचकांस विशेष वाटेल. १८७४ च्या एप्रिलात लंडन येथे वेस्टमिन्स्टर ॲबीत लिव्हिंग्स्टनचा दफनविधी झाला, त्या वेळी वेनराइट उपस्थित होता.

१८७५ साली मोंबासाजवळ फ्रीअर टाउन ही मुक्त गुलामांची वस्ती वसली, आणि नाशिकच्या आफ्रिकन लोकांस तेथे नेण्यात आले. ती त्यांची मातृभूमी होती. परंतु तेथे गेल्यावर त्यांस नाव काय मिळाले? ‘बाँबे आफ्रिकन्स’, म्हणजे मुंबईचे आफ्रिकन! हिंदुस्थानात जे हबशी म्हणून ओळखले गेले ते आफ्रिकेत मुंबईकर म्हणून ओळखले गेले. त्यांचा पोशाख निराळा, शिक्षण निराळे, सवयी निराळ्या; बालपणी हिरावून घेतलेले कुळ व गाव त्यांस पुन्हा सापडणे बहुधा अशक्यच होते. तथापि त्यांनी धीर सोडला नाही. कोणी शिक्षक झाले, कोणी दुभाषे, कोणी कारागीर. विल्यम जोन्स व इश्माएल सेम्लर यांस १८८५ साली त्यांच्या चर्चमध्ये दीक्षा मिळाली. जोन्स यांनी राबई येथे, मालकांपासून पळून आलेल्या गुलामांस आसरा देण्याच्या कामी, मोठा भाग घेतला. ज्यांस स्वतःचे गाव सापडले नाही त्यांनी इतरांसाठी गाव उभे केले, असे म्हणावयास हरकत नाही.

आमच्या भूमीत याच्या उलट उदाहरणही झाले. हबसाणातून गुलाम म्हणून आणलेला मलिक अंबर निजामशाहीचा सर्वाधिकारी झाला, १६२४ साली भातवडीची लढाई त्याने जिंकली, आणि १६२६ साली तो याच दख्खनच्या मातीत विसावला. त्याची जमीनमहसुलाची पद्धती रयतेच्या स्मरणात राहिली. तो परत गेला नाही. ज्यांच्यात आला त्यांचा झाला. या दोन्ही वृत्तान्तांवरून एवढे दिसते की, मनुष्याचा ठाव केवळ जन्मभूमीने ठरत नाही, आणि केवळ परतण्यानेही ठरत नाही. तेथील माणसांनी त्यास आपला म्हटले पाहिजे, व त्यानेही त्यांच्यासाठी काही उभे केले पाहिजे.

नाओमीचे गाव

पवित्र शास्त्रात रूथचे छोटे पुस्तक आहे. आपण ते बहुधा सुनेच्या निष्ठेचे पुस्तक म्हणून वाचतो. पण बीड जिल्ह्यातील वाचकाने ते परतणाऱ्या स्त्रीचे पुस्तक म्हणूनही वाचावे. बेथलेहेम, ज्या नावाचा अर्थच भाकरीचे घर, तेथे दुष्काळ पडला. म्हणून नाओमी पती व दोन मुलांसह मवाब देशी गेली. सुमारे दहा वर्षांत पती गेला, दोन्ही मुलगे गेले. ती परत आली तेव्हा सातूच्या कापणीचा आरंभ होता. सारे गाव गलबलले. ही तीच नाओमी काय, असे बाया एकमेकींस विचारू लागल्या. तिने आपले गोड नाव टाकून स्वतःस मारा, म्हणजे कडू, म्हणावयास सांगितले. गावी परत येऊन गावाने न ओळखणे, व आपणच आपणास न ओळखणे, हे दुःख त्या एका प्रसंगात सामावलेले आहे.

परंतु ते पुस्तक तेथे संपत नाही. त्या गावात गरिबाने व परक्याने शेतात सरवा वेचावा असा कायदा होता, व तो पाळणारा बवाज नावाचा शेतकरी होता. त्याने गावाच्या वेशीत वडीलधाऱ्यांस बसवून, दहा जणांच्या साक्षीने, नाओमीच्या घराची जमीन सोडविली. आणि रूथला मूल झाले तेव्हा शेजारच्या बायांनी त्याचे नाव ठेविले. म्हणजे परतलेल्या स्त्रीस घर मिळाले ते तीन गोष्टींनी: पोटास कायद्याचा आधार मिळाला, जमिनीचा निवाडा उघड वेशीत झाला, आणि शेजारणींनी तिचे मूल आपले मानले. आजच्या ग्रामसभेस, आजच्या शासनास व आजच्या शेजाऱ्यास याहून स्पष्ट धडा कोणता हवा?

पोप बारावे पायस यांनी १ ऑगस्ट १९५२ रोजी ‘एक्सुल फामिलिया’ नावाचे पत्र काढून स्थलांतरितांच्या आध्यात्मिक सेवेची व्यवस्था सांगितली. मिसरात पळून गेलेले नाझरेथचे पवित्र कुटुंब हे सर्व परागंदा कुटुंबांचा आदर्श होय, असे त्यात प्रतिपादन आहे. हे कुटुंब मिसरातून परत आले, तेव्हा यहूदियात राज्य करणाऱ्याच्या भयाने त्यांस गालीलात नाझरेथ येथे जावे लागले, हेही आपण विसरू नये. आमच्या तारणाऱ्याचे बालपण परतलेल्या कुटुंबात गेले.

आपल्या मंडळीचे कर्तव्य

औरंगाबाद धर्मप्रांत १९७७ साली अमरावती धर्मप्रांतातून वेगळा झाला, व आपला जिल्हा त्यात आला. धर्मप्रांताच्या सीमा बदलतात, जिल्ह्यांची नावे बदलतात. पण नाताळची मध्यरात्रीची मिस्सा होते त्या वेळी फडात असणारा भाविक मात्र कोणत्याच देवळात मोजला जात नाही, ही स्थिती बदलली पाहिजे. पुनरुत्थानाचा सण २२ मार्च ते २५ एप्रिल यांच्या दरम्यान येतो. लवकर आला तर ही कुटुंबे वाटेवरच असतात, उशिरा आला तर घरी पोहोचतात. म्हणून आम्ही आपल्या मंडळीपुढे चार सूचना नम्रपणे ठेवितो.

पहिली, दसऱ्यास निघणाऱ्या प्रत्येक कुटुंबाची नोंद व्हावी, आणि ज्या कारखान्याकडे ते जात असेल तेथील जवळच्या धर्मगुरूंस चिठ्ठी जावी. दुसरी, मागे राहणारी मुले व वृद्ध यांची विचारपूस करण्याचे काम वस्तीवार वाटून घेतले जावे. हे दान नव्हे, शेजारधर्म होय. तिसरी, परत आलेल्या स्त्रियांची आरोग्यतपासणी मे महिन्यातच व्हावी व त्यांस शस्त्रक्रियेपूर्वी दुसऱ्या वैद्याचे मत घेण्यास साहाय्य मिळावे. चौथी, अक्षय्यतृतीयेच्या सुमारास एक रविवार परतलेल्यांचा रविवार म्हणून पाळला जावा. त्या दिवशी हंगामात झालेल्या जन्मांची व मृत्यूंची नावे वेदीपाशी वाचली जावीत, व ज्यांचे नाताळ फडात गेले त्यांच्याबरोबर मंडळीने भाकरी मोडावी.

यांत खर्च थोडा आहे. आठवण मात्र पुष्कळ ठेवावी लागेल. मेंढ्याचे शिंग आज कोणी फुंकीत नाही, पण आपल्या देवळाची घंटा आहे. ती वाजते तेव्हा जे गावात आहेत त्यांस ती बोलावते. जे दूर फडात आहेत त्यांची जागा बाकावर राखून ठेवण्याचीही आठवण ती आपणास देवो. ज्या परमेश्वराने पन्नासाव्या वर्षी प्रत्येकास आपापल्या घरी परतण्याचा हक्क दिला, तो आमच्या जिल्ह्यातील प्रत्येक परतणाऱ्या कुटुंबास सुखरूप आणो, आणि ते येईल तेव्हा दार उघडण्याची बुद्धी आम्हा सर्वांस देवो, हीच या मंगल प्रसंगी आमची प्रार्थना.